खिडकीची परवानगी

हायकोर्टाचा हुकूम आला, आणि त्या दिवसापासून भाऊजी तहसील कचेरीत जायचे थांबले.

यवतमाळात हे कुणाला खरं वाटेना. दर मंगळवारी धुतलेली टोपी घालून ते कचेरीत जात आणि साहेबांसमोर उभे राहून म्हणत, “हो म्हना, नाही म्हना, पन म्हना!”

भाऊजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, आक्काचे यजमान. सारं आयुष्य जिनात, सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाच्या वजनकाट्याशी गेलं. काटा स्थिर झाल्याशिवाय त्यांना चैन पडत नसे, मग समोर कापूस असो की माणूस. मी मुलगी पाहायला गेलो, पोहे संपवले आणि रीतीप्रमाणे ‘कळवतो’ म्हणालो. भाऊजी सगळ्यांदेखत कडाडले, “कळवतं कायले? पोरगी समोर बसून हाये! काटा मधात लटकवून ठेवू नको!” मी घाबरून हो म्हटलं. त्याबद्दल भाऊजींचे आभार मानावेत की त्यांच्याशी भांडावं, हे माझ्या बायकोचं अजून ठरलेलं नाही.

त्यांचा अर्ज होता एका खिडकीचा. आक्काचे पाय गेले होते. तिची खाट ज्या भिंतीशी होती तिच्यापलीकडे सरकारी मोकळी जागा, आणि तिच्यापुढे बाभुळगावचा रस्ता. त्या बाजूला खिडकी काढायची तर सरकारची परवानगी हवी. आक्काला पडल्या पडल्या रस्ता पाहायचा होता. अर्ज दिला आणि राज्य बदललं, आमचा जिल्हा जुन्या राज्यातून मुंबई राज्यात गेला. कागद भोपाळला राहिले म्हणे. मग ते मुंबईला गेले. मग महाराष्ट्र झाला. सरकारं बदलली, भिंत तीच.

शेजारी म्हणायचे, “फोडा न भिंत! कोन पायते?”

“चोरीचा उजेड दाखवू का तिले?” भाऊजी विचारत.

आतून आक्काचा आवाज येई, “अहो, आली का परवानगी?”

“येऊन राह्यली!”

“बैलगाडीनं येऊन राह्यली काय?”

शेवटी भाऊजी नागपूरला गेले. वकील हसले. “खिडकीसाठी हायकोर्ट?”

“खिडकीसाठी नाही, साहेब. उत्तरासाठी.”

तारीख लागण्याआधी आक्का गेली.

तेरावं झाल्यावर मी म्हणालो, “भाऊजी, आता अर्ज मागे घ्या.” त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली, पुन्हा डोक्यावर ठेवली.

“तिनं इचारलं होतं,” ते म्हणाले. “मले तिले काहीतरी सांगा लागन ना?”

परवानगी द्या, असं कोर्टानं म्हटलंच नाही. अर्जावर काय ते ठरवा आणि मुदतीत ठरवा, एवढंच म्हटलं. भाऊजींनी तो हुकूम मला पुन्हा पुन्हा वाचायला लावला. “जजसाहेब आपल्यावानीच बोलते,” ते म्हणाले, आणि कचेरीत जाणं थांबलं. आता कचेरीनं त्यांच्याकडे यायचं होतं.

कचेरी आली. साहेबांनी भिंत पाहिली, मोकळी जागा पाहिली. रिकाम्या खाटेकडेही पाहिलं. त्यांनी हो म्हटलं.

खिडकी झाली. संध्याकाळी भाऊजी खाली सतरंजीवर बसतात. खाटेवर बसलं तर उजेड अडतो. “बाभुळगावची मोटर गेली,” ते मधूनच सांगतात. मी शेजारी असलो तरी हुंकार देत नाही. ते मला सांगत नसतात.

खाट तिथंच आहे. तिच्यावर उजेड पडतो.