शिकागोच्या थंडीची काळजी

मानपाड्यात घामाने अंग चिकचिकत असताना, शिकागोत बर्फ पडला नाही म्हणून जिला जेवण गेलं नाही अशी बाई मी एकच पाहिली. आमच्या शेजारच्या सुमनताई.

रोज सकाळी डबा भरून झाला की त्या माझ्या दारात. "अगं, मोबाईलमध्ये बघ ना, तिकडे पडली का?" पडली म्हणजे थंडी. मी "उणे चार" म्हटलं की चेहरा खुलायचा. "सात" म्हटलं की, "मेलं आपलं काही खरं नाही!"

त्यांच्या कारखान्यात परदेशी जाणारी जॅकेटं शिवतात. सुमनताई चेकिंगला. थंडी नाही तर जॅकेटं पडून, आणि जॅकेटं पडून तर पुढची ऑर्डर नाही, एवढं अर्थशास्त्र त्यांना पक्कं. तपासायची सवय इतकी, की पुतण्याच्या लग्नात आशीर्वाद देता देता त्याच्या शेरवानीची बाही उलटून म्हणाल्या, "टाका सुटलाय."

यंदा तिकडे थंडी पडली, तरी तिकडच्या सरकारने आपल्या मालावर कर वाढवला. ऑर्डर दुसऱ्या देशात चालली, अशी कुणकुण लागली. दर शनिवारी कारखान्यातल्या आणखी दोन-तीन मशीनवर कापड झाकलं जायचं. सुमनताई फोनच्या साध्या रिंगलाही दचकायला लागल्या. "एकट्या बाईला या वयात कोण ठेवतंय? त्या दुसऱ्या देशातल्या बायांनी तोंडचा घास पळवला गं!"

एक दिवस मालकांनी त्या बायांनी शिवलेलं जॅकेट त्यांच्यापुढे ठेवलं. "ताई, खोट काढा. गिऱ्हाइकाला दाखवू. ऑर्डर परत येईलही." कारखान्यातल्या सगळ्या बाया मशीन सोडून भोवती उभ्या.

संध्याकाळी ताई माझ्याकडे आल्या. चहा तसाच निवत राहिला.

"सापडली खोट?"

"सापडली. काखेत टाके सुटले होते. शिवणारीने ते हाताने भरले होते, कुणाला दिसू नयेत असे. हात कापत होता गं तिचा. टाक्यावरून कळतं."

"मग काय सांगितलंत?"

"खोट नाही म्हटलं."

पुढच्या शनिवारी अर्धा कारखाना बंद झाला. ताईंना 'सोमवारचं सोमवारी बघू' म्हणून ठेवलंय. काढलेल्या बायांच्या तोंडाकडे त्यांना बघवत नाही.

"पस्तावलात का?" मी काल विचारलं.

त्यांनी माझ्या बाहीचा लोंबता धागा तोडला. मग हळूच म्हणाल्या, "नाव काय असेल गं तिचं?"