सोडून द्यायचा मुद्दा

उत्कर्षाच्या लग्नाची बोलणी करायला मुलाकडची मंडळी बिबवेवाडीच्या फ्लॅटवर आली आणि पोह्यांच्या बशा रिकाम्या व्हायच्या आत बोलणी संपलीसुद्धा. आता यात बिघडलं काय, असं कुणीही म्हणेल. पण उत्कर्षाचे वडील यज्ञेश्वर पानवलकर म्हणजे कुणीही नव्हेत. ते राजदूत होते. निवृत्त झाले म्हणून काय झालं! उभी हयात परक्या देशांशी वाटाघाटी करण्यात गेलेली. समोरचा पहिल्याच बैठकीत सगळं कबूल करतोय म्हणजे कुठंतरी पाणी मुरतंय, हे त्यांच्या अंगात पक्कं भिनलेलं.

मुलगा योगेश उत्कर्षाच्याच सॉफ्टवेअर कंपनीत होता. दोघांनी आपलं आपण जमवलेलं, थोरांनी फक्त मान डोलवायची होती. त्याचे वडील बद्रीनाथ काळमेघ मूळचे यवतमाळकडचे, कारखान्यातली नोकरी संपवून येरवड्यात स्थायिक झालेले. "आम्हाले काही नाही पाहिजे, साहेब," ते म्हणाले. "पोरगी द्या, बस झालं."

झालं! यज्ञेश्वररावांना घाम फुटला. दोन्ही बाजूंनी काहीतरी सोडलं तरच करार टिकतो, हा त्यांचा सिद्धांत. सोडायला काही नसेल तर आधी मागून ठेवायचं आणि मग मोठ्या मनानं सोडायचं. म्हणून त्यांनी घसा खाकरून मागायला सुरुवात केली. कार्यालय आमच्या पसंतीचं, म्हणाले. बद्रीनाथ म्हणाले, चालेल. पंगतीत श्रीखंड नको, बासुंदी. तेही चालेल. आहेर बंद म्हटल्यावर तर सुशीलाबाई, म्हणजे योगेशच्या आई, खूश झाल्या. त्यांना तेच हवं होतं. स्वयंपाकघराच्या दारातून राधाबाई नवऱ्याकडे डोळे वटारून बघत होत्या, पण राजदूत आता थांबतात कसले! कुठल्याही मुलाचा बाप कबूल करणार नाही असा मुद्दा त्यांनी शेवटी बाहेर काढला.

"लग्नानंतर योगेशरावांनी इथं, आमच्या घरी राहावं, असा आमचा आग्रह आहे."

बद्रीनाथांनी कप खाली ठेवला. "एकुलता एक पोरगा हाय आमचा," एवढंच बोलून ते उठले. आरडाओरडा नाही, काही नाही. चपला घातल्या आणि सरळ लिफ्ट गाठली. योगेश बिचारा उत्कर्षाकडे वळून वळून पाहत त्यांच्यामागे गेला.

यज्ञेश्वरराव मात्र हात चोळत म्हणाले की हे उत्तम झालं. सभात्याग ही पहिली पायरी. आता ते फोन करतील, आपण मुद्दा सोडू, सगळे खूश.

"बाबा, त्यांनी सभात्याग नाही केला," उत्कर्षा रडत म्हणाली. "ते रागावून गेले."

पहिला फोन करणारा पडतं घेतो, म्हणून त्यांनी घरात कुणाला फोन करू दिला नाही. तिकडून फोन आला नाही तो नाहीच. योगेशच्या घरी कुणी कुणाशी बोलत नाही, अशी बातमी ऑफिसातून येत राहिली. उत्कर्षा ताट घेऊन आपल्या खोलीत जाऊ लागली. ही पोर हॉस्टेलात आणि मावशीकडे वाढलेली. बापाच्या घरी सलग राहायला मिळालं ते आत्ता कुठं. तिच्या सुखात आपणच माती कालवली, हे यज्ञेश्वररावांना आता कळलं.

"देशादेशांची भांडणं मिटवलीत म्हणे तुम्ही," राधाबाई भाजी निवडता निवडता म्हणाल्या. "कोणत्या देशांची, तेवढं सांगा एकदा."

रविवारी त्यांनी मंडईतून आंबे घेतले आणि रिक्षा करून थेट येरवडा गाठलं. बद्रीनाथ आणि सुशीलाबाई बाहेर जायच्या तयारीत होते. त्यांना तोंडही उघडू न देता यज्ञेश्वरराव आयुष्यात पहिल्यांदा प्रस्तावनेशिवाय बोलले.

"माझं चुकलं. ती अट मी मागे घेतो. पोरगी तुमच्या घरी येईल."

बद्रीनाथांनी घातलेल्या चपला पुन्हा काढल्या. "अजी साहेब, आम्ही तुमच्याकडंच निघालो होतो. होकार द्यायले." मग त्यांनी सगळं सांगितलं. पहिला राग ओसरल्यावर सुशीलाबाईंनीच समजावलं होतं, की साहेबांची एकच पोर, तीही जन्मभर लांब राहिलेली, तर बापानं मागितलं त्यात काय बिघडलं! शिवाय इथं दोनच खोल्या. "पण आता तुम्हीच अट सोडली म्हणता, तर राह्यलं."

सुशीलाबाईंनी चहा आणला. यज्ञेश्वररावांनी कप हातात घेतला. सोडून देण्यासाठी म्हणून जे जे मागितलं, त्यातलं हे एकच आपल्याला खरोखर हवं होतं, हे त्यांना त्या खुर्चीत बसल्यावर कळलं. पण "फार आनंद झाला" असं म्हणून ते उठले.

घरी उत्कर्षानं त्यांना मिठीच मारली. राधाबाईंनी मात्र सगळी हकिकत खोदून खोदून काढून घेतली.

"मग तिथल्या तिथं पुन्हा मागायचं होतंत."

"मागे घेतलेला मुद्दा पुन्हा मांडत नाहीत."

"का?"

राधाबाईंनी लेकीकडे पाहिलं. ती डोळे पुसत पुसत होकारार्थी मान हलवत होती. मग त्यांनी फोन उचलला.

"सुशीलाबाई, राधा बोलतेय. पोरं राहू देत की आमच्याकडे. यांना लेकीवाचून करमायचं नाही, पण बापड्यांना मागायला येत नाही."

पलीकडे सुशीलाबाई हसत सुटल्या, ते यज्ञेश्वररावांना लांबूनही ऐकू आलं. उभ्या कारकिर्दीत दुसऱ्याचं निवेदन त्यांनी दुरुस्त केल्याशिवाय कधी जाऊ दिलं नव्हतं. या निवेदनातला एक शब्दही त्यांनी बदलायला सांगितला नाही.