आई, सायकल आणि एक चुकलेलं क्रियापद

नियोजन करावं तर मीच! उगाच नाही सांगत. इथं जपानात आमच्या लॅबची सहल असो, सेमिनार असो, कोणाचा निरोप समारंभ असो, सगळे कोबेभर शोधत येतात ते रणजित-सानकडे. आणि माझं जपानी? उत्तम आहे. असं माझं मत आहे. जपानी लोकांचं मत मी अजून विचारलेलं नाही.

तर आई सांगलीहून दोन महिन्यांसाठी माझ्याकडे आली, तेव्हा तिच्या सगळ्या कार्यक्रमाचा ताबा मी घेतला. बाबांना जाऊन दीड वर्ष झालं होतं. बाबा म्हणजे मोरेश्वर मास्तर, शाळेत इतिहास शिकवायचे. कंबोडियातली ख्मेर राजांची देवळं हा त्यांचा जीव की प्राण! फळ्यावर अंगकोरची शिखरं काढताना खडू संपायचा, तास संपायचा, मास्तर संपायचे नाहीत. "सिंधू, रिटायर झालो की जाऊ. सायकलवरून हिंडू. देऊळ असं सावकाश बघावं," आईला म्हणायचे. रिटायर झाले, गुडघे गेले, मग तेच गेले.

म्हणून मी नोव्हेंबरातली अंगकोरची सायकल सहल बुक करून टाकली, गाइडसकट! आणि त्याची रंगीत तालीम म्हणून सप्टेंबरात नारा जिल्ह्यातल्या असुका गावची. तिथंही तेराशे-चौदाशे वर्षांपूर्वीची देवळं, भाताची शेतं आणि सायकलवरून पुढे जाणारी गाइड. आहे की नाही नियोजन?

"शनिवारी?" आई म्हणाली. "शनिवारी ह्यांची तिथी आहे रे. पितृपंधरवडा चालू आहे."

"आई, इथं भटजी कुठून आणू? आणि बुकिंग झालंय!"

"बरं," आई म्हणाली.

माझ्या आईचं 'बरं' ज्यांनी ऐकलंय त्यांना पुढचं सांगायला नको. बाकीच्यांनी एवढंच समजावं, की त्या 'बरं'नंतर घरातला फ्रीजसुद्धा हळू आवाजात चालतो.

शनिवारी दोनदा गाडी बदलून आम्ही असुकाला पोचलो. आईच्या खांद्याला लाल पिशवी. दोन हजार अकराच्या भूकंपानंतर इथं घरोघरी दाराशी अशी एक पिशवी तयार असते: टॉर्च, पाणी, कोरडी बिस्किटं, शिट्टी. आईला ती पहिल्याच दिवशी इतकी आवडली की तिनं तिची पर्सच करून टाकली. आत स्वतःचा चष्मा, बडीशेप आणि बाबांचा फोटो. "भूकंप झालाच तर हे कुठं जायला नकोत," म्हणाली.

आमच्या आठ जणांच्या तुकडीच्या गाइड ओकुदा-सान. इंग्रजीच्या निवृत्त शिक्षिका, डोक्यावर पिवळी टोपी. "सगळ्यांनी माझ्या पिवळ्या टोपीमागे यायचं," त्यांनी इंग्रजीत सांगितलं. मी आईला मराठीत सांगितलं, "आई, पिवळी टोपी सोडायची नाही. काही झालं तरी!"

हे वाक्य मला फार महागात पडलं.

आईनं सांगलीत पोस्टात नोकरी केली ती सगळी सायकलवरून. इथं तिला बॅटरीवर चालणारी सायकल मिळाली. तिनं पदर खोचला, केशरी हेल्मेट चढवलं, पेडल मारलं आणि सुटली! मी मागून, कुकरच्या शिट्टीसारखा श्वास टाकत. पहिलं देऊळ झालं, दुसरं झालं. तिसऱ्याच्या वाटेवर माझी चेन पडली. ओकुदा-सान थांबल्या, मंडळी थांबली. हात काळे करून चेन बसवली, वर बघतो तर आई नाही!

"आई कुठाय?"

समोर रस्ता, दोन्ही बाजूंना पिकलेला भात, बांधावर ती लालभडक ओहिगानची फुलं. ओहिगान म्हणजे जपान्यांचा पितृपंधरवडाच, नेमका त्याच दिवसांत येतो. सगळं गाव कबरींवर आणि देवळांत गेलेलं. माणूस म्हणून दिसेना. आईचा फोन? तो माझ्या सॅकमध्ये. 'हरवू नये म्हणून' मीच ठेवला होता. नियोजन!

ओकुदा-सान मंडळींना घेऊन मागच्या वाटेनं शोधायला गेल्या. मी पुढे चार फाटे पालथे घातले. कुठंच आई नाही. तिला जपानीतला एकच शब्द येतो, 'आरिगातो', आणि तो ती कुणालाही, कशालाही म्हणते. मी थेट पोलीस चौकी गाठली.

चौकीत एक वयस्कर पोलीस. मी धापा टाकत वाक्य जुळवलं. जपानीत आपल्या आईला 'हाहा' म्हणतात, यात हसण्यासारखं काही नाही. आणि 'नाकुनारिमाश्ता' म्हणजे हरवली. मी टेबलावर हात आपटून ओरडलो,

"हाहा गा नाकुनारिमाश्ता!"

पोलीस ताडकन उठला. त्यानं टोपी काढली. कमरेत वाकला आणि वाकलेलाच राहिला.

मला वाटलं, काय ही तत्परता!

"बसा," तो हळूच म्हणाला. त्यानं चहा ओतला. "फार वाईट झालं."

"आई आत्ता कुठे असेल हो?"

त्यानं खिडकीतून आभाळाकडे पाहिलं. "चांगल्याच ठिकाणी असतील."

"पण कुठे?"

"ते आपल्यापैकी कुणालाच ठाऊक नसतं."

अहो, तुम्ही पोलीस ना? "पण परत तर येईल ना?"

"ओहिगान आहे," तो अगदी मायेनं म्हणाला. "या दिवसांत येतात म्हणतात."

मला काही कळेना! मी मोबाइलवर आईचा सकाळचाच फोटो काढून त्याच्यासमोर धरला: हिरवी साडी, केशरी हेल्मेट. त्यानं फोटो नीट पाहिला, डोळे मिटले आणि फोटोला हात जोडले.

मी हातातला चहा टेबलावर ठेवून दिला. माणूस फोटोला हात कधी जोडतो?

"देऊळ," मी कसंबसं म्हणालो. "आईसाठी... देवळात आलो होतो..."

"आईसाठी देऊळ. समजलं," तो म्हणाला आणि त्यानं फोन उचलला. फार हळू बोलत होता. मला दोनच शब्द कळले: 'भारतीय' आणि 'आई'. फोन ठेवून म्हणाला, "चला. देवळात तुमची वाट बघतायत."

त्यानं मला गाडीत बसवलं. आई जिथून दिसेनाशी झाली होती, मी मनात त्या वाटेवरचा प्रत्येक उतार, प्रत्येक वळण आठवत होतो. चेन पडली होती माझी, आणि मी एकदा तरी मान वर करायला नको होती? तिथी आहे म्हणाली होती बिचारी. एक पानभर भात कावळ्याला ठेवला असता तर माझ्या बापाचं काय जात होतं! नाही, माझ्या बापाचंच जात होतं. मी गाडीत रडायला लागलो. पोलिसानं न बघता रुमाल पुढे केला.

टेकडीच्या पोटात एक लहानसं देऊळ. घंटा वाजत होती. उदबत्तीचा वास फाटकाबाहेरपर्यंत आलेला. मी पायऱ्या चढलो. आत साधू खर्जात मंत्र म्हणत होते, समोर गावातल्या म्हाताऱ्या बायका ओळीनं बसलेल्या, माना खाली.

आणि ओळीच्या टोकाला केशरी हेल्मेट!

"आई!"

हेल्मेट वळलं. "श्शू! केव्हाची वाट बघतेय. चपला काढल्यास का? बस इथं गप्प."

माझ्या मागे धप्पकन आवाज झाला. पोलिसाची टोपी पडली होती. तो एकदा माझ्या हातातल्या मोबाइलमधल्या फोटोकडे बघत होता, एकदा आईकडे. ओहिगानला येतात असं तो स्वतःच म्हणाला होता, पण इतक्या लगेच येतील याची त्याला कल्पना नव्हती! तो माझ्या पाठीमागे लपला. साठीचा माणूस, कमरेला पिस्तूल, आणि माझा शर्ट धरून उभा!

आईनं त्याला वाकून नमस्कार केला. "आरिगातो."

तो खालीच बसला.

मंत्र संपले तेव्हा, माझा मेसेज वाचून, ओकुदा-सानही सायकल हाणत पोचल्या, आणि त्यांनी सगळ्यांना विचारून विचारून गुंता सोडवला. झालं होतं असं: पिवळी टोपी घातलेली एक आजी सायकलवरून देवळाकडे निघाली होती. माझ्या आज्ञेप्रमाणे आईनं टोपी सोडली नाही! आजीच्या मागोमाग देवळात शिरली. बायकांनी हसून बसायला जागा दिली, आईनं आरिगातोचा सपाटा लावला, पिशवीतली बडीशेप वाटली. एवढ्यात पोलिसाचा फोन: एका भारतीयाची आई वारली आहे, परक्या मुलखात एकटा आहे, प्रार्थना करता का? साधूंना वाटलं, ही बाई त्या घरचीच, आधी पोचली. ते तिच्यासमोर बसले, हात जोडले आणि खुणेनं विचारलं: नाव?

"आता मेलेल्या माणसाचं नाव विचारतात हे काय मला कळत नाही?" आई मला सांगत होती. "मी ह्यांचा फोटो काढून दिला. म्हटलं, मोरेश्वर. त्यांनी तो तिथं देवापुढे ठेवला बघ."

ठेवला होता खरंच. बाबा समईसारख्या दिव्याच्या उजेडात, वर्गात कुणी बरोबर उत्तर दिल्यावर बघायचे तसे बघत होते.

"आणि मंत्रात नाव घेतलं रे त्यांनी. 'मोरेशुवारू' म्हणाले, पण घेतलं." तिनं माझी कॉलर सरळ केली. "तूच सांगितलं होतंस ना यांना? मला बोलला नाहीस. मी उगाच मनात राग धरून बसले होते."

मी ओकुदा-सानकडे पाहिलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग त्या एकदम शाळेतल्या बाईंच्या आवाजात मला इंग्रजीत म्हणाल्या, "रणजित-सान, 'नाकुनारिमाश्ता' माणसाबद्दल म्हटलं की त्याचा अर्थ 'वारले' असा होतो. माणूस हरवला तर दुसरं क्रियापद. घरी जाऊन दहा वेळा लिहून काढा."

"काय म्हणतायत?" आईनं विचारलं.

"म्हणतायत, मुलगा चांगला आहे तुमचा."

पोलीस अजून घाम पुसत होता. त्यानं दबक्या आवाजात विचारलं, "मग नक्की कोण..."

मी फोटोकडे बोट दाखवलं. "वडील. वडील वारले." या वेळी क्रियापद बरोबर होतं, आणि का कोण जाणे, दीड वर्षात मी ते पहिल्यांदाच मोठ्यानं म्हणत होतो. कुठल्याच भाषेत म्हटलं नव्हतं.

त्यानं पुन्हा टोपी काढली. पुन्हा तितकाच वाकला. मीही वाकलो.

तेवढ्यात पिवळ्या टोपीवाल्या आजींनी डबा उघडला. आत भाताचे गोळे, वरून लाल घेवड्याचं गोड पुरण लिंपलेले. इथं ओहिगानला पूर्वजांच्या नावानं करतात.

"पिंड!" आईला भरूनच आलं. "पिंडसुद्धा केलेत रे यांनी!"

आजींनी एक साधूंना दिला, एक पोलिसाला दिला, एक स्वतः तोंडात टाकला.

"अगं बाई! खातायत!" आई माझ्या कानात किंचाळली.

"आई, प्रसाद आहे तो."

तिनं दोन क्षण विचार केला. एक गोळा उचलला, फोटोपुढे ठेवला, मग दुसरा उचलून खाल्ला. "ह्यांना गोड आवडायचंच," म्हणाली. मग आणखी एक घेतला. पोलिसानं चौकीतून माझी सायकल आणून दिली; परतीच्या वाटेवर मी मागे आणि ती पुढे, हेल्मेटखालून काहीतरी गुणगुणत होती. बाबा गेल्यापासून मी ते ऐकलं नव्हतं.

इथंच ही गोष्ट संपली असती तर किती छान झालं असतं!

सोमवारी लॅबमध्ये शिरलो तर सगळे उभे. माझ्या टेबलावर पांढऱ्या लिलींचा हा एवढा गुच्छ, इथं मयताला देतात तसा! चौकीत शिरण्याआधी घाबरून मी आमच्या सरांनाही मदतीसाठी मेसेज टाकला होता, हे मला तेव्हा आठवलं. वाक्य तेच. जपानीत उच्चार तोच, पण लिहिताना 'हरवल्या'ची अक्षरं वेगळी आणि 'वारल्या'ची वेगळी; फोननं आपल्या अकलेनं 'वारल्या'चीच लावली होती. सर पुढे आले, माझा हात हातात घेतला आणि म्हणाले, "एक आठवडा येऊ नका."

इतक्या हळव्या माणसांना खरं सांगायला माझी जीभ रेटेना. पण सांगितलं. अर्धा तास लागला, आणि या वेळी इंग्रजीत सांगितलं.

गुच्छ मात्र त्यांनी परत घेतला नाही. तो घेऊन घरी आलो. आईनं दार उघडलं, फुलं बघितली आणि तिचा चेहरा असा काही उजळला!

"माझ्यासाठी? तुझ्या ऑफिसातल्यांनी?" तिनं ती नळाखाली धरली, एकेक देठ तिरका कापला. "किती रे गुणी माणसं! मला अजून भेटलीसुद्धा नाहीत!"