उजव्या तर्जनीचा उत्तरपरिणाम

काजआत्यांच्या उजव्या हाताची तर्जनी दुकानातल्या खणात चेमटली. पुढे सूज उतरली, काळे पडलेले नख गळून नवे आले, पण वरचे पेर काही वाकेना. हकीकत एवढीच आहे. यात कुणाचाही दोष नव्हता, खणाचासुद्धा नाही.

आत्यांचा जन्म हाताने काजे करण्यात गेला होता. शिवणाचे दुकान भाच्याचे. तो कोट बेतायचा आणि आत्या त्याला काजे करायच्या. कोट विरला तरी आत्यांचे काज विरत नाही, अशी ख्याती होती. पण सुई चिमटीत धरायची तर तर्जनी वाकायला हवी.

"आत्या, काजाचं मशीन बघून ठेवलंय," भाचा एक दिवस कापडाकडे बघत म्हणाला. "थंडीच्या कोटांची गडबड सुरू व्हायच्या आत तुझं बोट वाकलं तर नको म्हणून कळवतो. नाहीतर माझाही नाइलाज आहे गं."

"वाकेल रे. तुझ्या मशीनला म्हणावं, जरा दम धर."

मोठ्या दवाखान्यातल्या तरुण डॉक्टरने बोट बघितले. "किरकोळ आहे, आजी. खाली व्यायामाच्या खोलीत चार वेळा ओढून घ्या, होईल मोकळं."

व्यायामाच्या खोलीतल्या बाईंनी चिठ्ठी उलटसुलट केली. "यावर दुखण्याचा कोड नंबर नाही. नंबरशिवाय मला बोटाला हात लावता येत नाही."

नंबर देणारा विभाग जिन्याखाली होता. तिथे एक कारकून तीन जाडजूड पुस्तकांच्या आड बसला होता. आत्यांची कथा ऐकून त्याचा चेहरा उजळला.

"किरकोळ दुखापत, तर्जनी, उजवी, नखासह, आणि तिचा मागे उरलेला उत्तरपरिणाम! फार नेमकं दुखणं आहे हो तुमचं. लोक नुसतं 'हात दुखतो' म्हणतात, जीव नकोसा होतो. आता फक्त मूळ दुखापतीचा नंबर सांगा, त्याला शेपूट लावून देतो."

"तेव्हा मी दाखवायला आलेच नव्हते. थंड पाण्यात बोट बुडवलं आणि हातातला कोट पुरा केला."

"मग दुखापत झालीच नाही."

"अहो, नख गळलं माझं!"

"नख गळलं असेल. दुखापत झाली नाही. आणि न झालेल्या दुखापतीचा परिणाम मागे उरत नसतो, बाई."

आत्यांना त्यांच्या लहानपणचा डॉक्टर आठवला. तो आधी हात हातात घ्यायचा, घरच्या सगळ्यांची चौकशी करायचा आणि बोलता बोलता कट्कन बोट ओढायचा. दुखले हे कळेपर्यंत दुखणे संपलेले असायचे. त्याला एकही नंबर पाठ नव्हता, स्वतःच्या घराचाही तो विसरायचा.

कारकून मनाने चांगला होता. त्याने तोड काढली. "असं करू, आज तुमची पहिली भेट दाखवू. म्हणजे दुखापत आजचीच झाली."

नंबर पडला. पण दुखापत आजची म्हटल्यावर ती ताजी झाली, आणि ताज्या दुखापतीला हालचाल वर्ज्य. दोन बाजूंना पट्ट्या लावून आत्यांचे बोट सरळ बांधण्यात आले.

"अहो, पण मला ते वाकवायचंय!"

"वाकवू ना," परिचारिका म्हणाली. "आधी न वाकवता बरं होऊ दे."

पुढच्या भेटीचा नंबर 'भरून येत आहे' असा होता. सगळ्यांनी मिळून जखम शोधली. जखम नव्हतीच, त्यामुळे ती भरूनही येत नव्हती. 'भरण्यास विलंब' असा शेरा पडला आणि पट्टी वाढली. ती शेवटी सुटली तेव्हा, पूर्वी एक पेर वाकत नव्हते, आता एकही वाकेना. बोट फूटपट्टीसारखे ताठ झाले होते.

"अभिनंदन!" कारकून उठून उभा राहिला. "आता झाला अधिकृत उत्तरपरिणाम!" मग त्याने पुस्तक उघडले आणि तो खाली बसला. "पण किरकोळ दुखापतीला एकाच पेराची मुभा आहे. तुमची तिन्ही गेली. हे आमच्यात बसत नाही."

आत्यांनी बोट दाखवायला हात पुढे केला. बोट त्याच्या छातीकडे रोखलेले राहिले.

"माझ्याकडे काय दाखवता?" कारकुनाचा आवाज चिरकला. "पट्टी तिने बांधली!"

आत्या वळल्या.

"मला वरून सांगितलं म्हणून बांधली," परिचारिका म्हणाली.

आत्या वर बघायला वळल्या, तर वाटेत शेजारचे टेबल आले. "कचेरीच्या पंख्याची ती पेटी मी घरी नेलेली नाही!" टेबलामागचा गृहस्थ कुणी न विचारता ओरडला. त्याच्या पलीकडच्याने कालच्या गैरहजेरीची कबुली देऊन टाकली.

विभागप्रमुखांनी दारातच हात जोडले. "बाई, ते आधी खाली करा."

"होत नाही. तीच तर तक्रार आहे."

प्रमुखांनी घाम पुसला आणि व्यायामाचा हुकूम सही करून हातात दिला. तारीख मात्र पुढची मिळाली.

तेवढ्या अवधीत बातमी गल्लीभर झाली. शेजारीण आत्यांना पाणीखात्यात घेऊन गेली. "आत्या, तुम्ही नुसतं उभं राहायचं. बोलायचं मी." बोलावे लागलेच नाही. संध्याकाळी नळ आला. मग कुणाचा अडकलेला दाखला सुटला, कुणाच्या दारातला खड्डा बुजला. "सरळ बोटानं तूप निघत नाही म्हणतात," समोरचे पेन्शनर काका म्हणाले, "इथं तर डबाच्या डबा बाहेर!" भाच्याने दुकानाचा परवानाही तेवढ्यात वाढवून घेतला.

व्यायामाच्या दिवशी सकाळी दारात सारी गल्ली उभी होती.

"आत्या, एवढ्यात बऱ्या होऊ नका," शेजारीण म्हणाली. "निदान गटाराचं काम होईपर्यंत!"

"अगं, हे बोट काजाचं आहे."

"काजं काय, मशीनही करतं!" हा आवाज भाच्याचा होता. "मी आजच सांगून टाकतो मशीनला. तू बोट सांभाळ, आत्या."

आत्यांनी त्याच्याकडे बघितले. ह्याच्या पहिल्या सदऱ्याची काजे त्यांनीच केली होती, दिवसभर ह्याला मांडीवर घेऊन. त्या चपला घालून एकट्याच निघाल्या.

व्यायामाच्या बाईंनी हुकमावरचा नंबर ताडून पाहिला, मग बोट हातात घेतले. कट्कन आवाज झाला. पुढच्या काही खेपांत तिन्ही पेरे मोकळी झाली. दुकानात आलेल्या मशीनवर भाच्याने मुकाट्याने चादर टाकली, आणि आत्या तिच्या शेजारी बसून पहिल्या कोटाचे पहिले काज करू लागल्या.

गल्लीला हे रुचले नाही. "स्वतःपुरतं पाहिलं बाईनं," शेजारीण दुकानात येऊन म्हणाली. "गटार तसंच राहिलं. आता आम्ही कुणाकडे बघायचं?"

"तुला बोट नाही का?" आत्यांनी दोरा दातांनी तोडला.

शेजारणीने हात पदराखाली घेतला. तिच्याबरोबर आलेल्या काकांनी आपले हात खिशात घातले. "आमचं काय घेऊन बसलात, आत्या? आम्ही साधी माणसं."

तेव्हापासून लोक आत्यांच्या नावाने बोटे मोडतात. मोडायची तर ती आधी वाकावी लागतात, आणि ह्यांची सुरेख वाकतात.

हे वाचताना तुम्हीही आपली तर्जनी हळूच वाकवून पाहिली असेल. सहज वाकली ना? वाकणारच. त्या अवस्थेला तिन्ही जाड पुस्तकांत कुठेही नंबर नाही. ती प्रकृती उत्तम असल्याची खूण समजतात.