सुरक्षा पहिली

"मथुरे, तुझा मालक झोपंत बाईचं नाव घेतोय की!" असं शेजारच्या गोजाबाईनं पत्र्याच्या भिंतीपलीकडून बजावलं, तेव्हा मथुरा हसली होती. रातपाळी करून दुपारी झोपलेला गिरणीकामगार काहीही बरळतो. शिवाय ती बी.ए. होती.

चौथ्या दिवशी तिनं स्वतःच ऐकलं. नवरा, मानसिंग, न्हाणीत घोकत होता, "सुरक्षा पहिली, बाकी सारं नंतर!"

पहिली? मग आपण कितव्या? सुरक्षा म्हणजे सेफ्टी, हे तिलाही कळत होतं. पण गिरणीत सगळे सेफ्टीच म्हणायचे. आणि जन्मभर 'समदं' म्हणणारा हा करकंब गावचा माणूस एकाएकी 'सारं' म्हणतो, म्हणजे कुणीतरी शिकवत होतं!

त्यात तो घरी आला, तो गालाला पावडर लावून.

"ही कुणी लावली?"

"मागनं कळंल की तुला," म्हणून तो लाजला.

लाजला! दुसऱ्या दिवशी मथुरा तान्ह्या लेकीला कडेवर घेऊन गिरणीच्या फाटकावर हजर.

"सुरक्षा कुठाय?"

"तितं चादरीच्या मागांपाशी की, ताई," पहारेकरी गुरुबसप्पा म्हणाला. "सकाळधरनं समदी तिच्याच नादाला लागल्यात. तुमचे मालकबी."

लेक त्याच्या मांडीवर टेकवून ती आत धावली. आणि थबकली. बंद मागाशेजारी मानसिंग आडवा पडला होता. उजवा हात मनगटापर्यंत लालभडक.

"अहो!" संशय गेला, सुरक्षा गेली. ती झेपावली, तसा तिचा मोकळा पदर शेजारच्या चालू मागाच्या पट्ट्यात गेला.

मेल्यागत पडलेला मानसिंग टुणकन उठला. त्यानं दांडी ओढली. माग थांबला. दोन हात पदर गेला, मथुरा वाचली.

"रंग हाय, येडे, चादरीचा!" तो ओरडला. "फिल्लम हाय सरकारची! अपघात कसा टाळायचा त्याची!"

मागे कॅमेरा अजून घरघरत होता.

दोन महिन्यांनी गिरणीच्या आवारात ती फिल्लम दाखवली. मानसिंगचा नुसता लाल हात आला आणि गेला. मग पडदाभर मथुरा: डोळे वटारलेली, पदर पट्ट्यात. वर भारदस्त आवाज, "सुरक्षा पहिली!"

"अगं बया!" गोजाबाई किंचाळली. "म्हंजी ती सुरक्षा तूच व्हय?"

तुमचंही कुणी यंत्रावर काम करत असेल आणि घरी काही सांगत नसेल, तर एकदा जाऊन बघून याच. फक्त पदर खोचून जा.