पस्तीस टक्क्यांचा खरा माणूस

काकांची रजा शेवटी मंजूर झाली, आणि त्याच दुपारी टायपिस्ट बाईंना नोकरीवरून काढल्याचा आदेश आला. बाईंचं पदवीचं प्रमाणपत्र बनावट निघालं होतं. बाईंनी शांतपणे पर्स उचलली आणि म्हणाल्या, "काका, कॉम्प्युटरचं एक बटण अडकतं, जरा जोरात दाबा."

"मी का दाबू?" काकांनी साहेबांना विचारलं.

"नवीन माणूस येईपर्यंत अतिरिक्त कार्यभार तुमच्याकडे."

"पण साहेब, माझी रजा? लेकीचे दिवस भरलेत. बायको कधीची तिकडे जाऊन बसलीय. पहिलंच नातवंड आहे हो!"

"मग जा की! कोण नाही म्हणतंय? नवीन माणूस आला की लगेच जा."

काका आवक-जावकचे कारकून. आलेल्या कागदावर शिक्का मारायचा आणि गेलेल्या कागदावर शिक्का मारायचा. मधल्या काळात कागदाचं काय होतं, याच्याशी त्यांचा उभ्या आयुष्यात संबंध आला नव्हता. सरकारी खात्यात नवीन माणूस लगेच येतो यावर विश्वास ठेवायला काका काही कालचं पोर नव्हते. पण साहेबांना तोंडावर कसं म्हणणार? त्यांनी पिशवी परत खुंटीला अडकवली.

मग अकाउंटंट गेला. गणितातलं सुवर्णपदक मिळाल्याचं प्रमाणपत्र त्यानं खुर्चीमागे फ्रेम करून लावलं होतं. ते काढताना म्हणाला, "काका, खरं सांगू? बेरीज मला कधी जमलीच नाही. कॅल्क्युलेटर खालच्या ड्रॉवरमध्ये आहे."

शिपायाचा तर सातवीचा दाखलाही खोटा.

"अरे, सातवी तरी खरी करायचीस!" काका कळवळून म्हणाले.

"शाळा झेपली असती तर नोकरीसाठी एवढा खर्च कशाला केला असता, काका?" असं म्हणून त्यानं झाडू त्यांच्या हाती दिला.

शेवटी साहेबही गेले. साहेब दोनदा एम.ए. होते, आणि दोन्ही वेळा खोटे. जाताना केबिनची किल्ली काकांच्या तळहातावर ठेवून म्हणाले, "तुम्ही तेवढे खरे निघालात. आता भोगा."

आणि काका भोगू लागले. सकाळी झाडून घ्यायचं, मग टाइप करायचं, मग हिशेब, मग केबिनमध्ये बसून सह्या. त्या खुर्चीत बसलं की आपोआप बेल दाबली जायची, मग आपणच उठून दारात जायचं, आणि कोणी नाही असं बघून आपणच परत यायचं. खरेपणाचं फळ गोड असतं असं ज्यानं कोणी सांगितलं, तो नक्की बिनपगारी रिकामा माणूस असणार.

जुनी रजा साहेबांबरोबरच बारगळली होती. काकांनी नवा अर्ज लिहिला. कारकून म्हणून त्यावर आवकचा शिक्का मारला, शिपाई म्हणून तो केबिनमध्ये नेला आणि साहेब म्हणून चष्मा पुसून वाचला. माणूस सरळमार्गी, करणार काय! 'कार्यालयात अन्य कर्मचारी नसल्याने रजा नामंजूर,' असा शेरा त्यांनी मारला आणि जड मनानं जावकचा शिक्का उठवला.

बायकोचा फोन आला. "अहो, निघालात ना? पोरगी सारखी विचारतेय, बाबा कुठपर्यंत आले म्हणून."

"रजा नामंजूर झाली गं."

"कोणत्या मेल्यानं केली?"

काका हळूच म्हणाले, "मीच."

पलीकडून फोन आपटल्याचा आवाज आला. काकांच्या डोळ्यांत पाणीच आलं. आयुष्यभर कोणाचं वाकडं केलं नाही, आणि लेक तिकडे वाट बघतेय! मरू दे ती नोकरी, असं म्हणून त्यांनी मुख्य कार्यालयातल्या मोठ्या साहेबांना फोन लावला.

"साहेब, एक कबुली द्यायची आहे. माझंही प्रमाणपत्र बनावट आहे. मलाही काढा."

"टक्के किती?"

"पस्तीस."

मोठे साहेब ठसका लागेपर्यंत हसले. "अहो, पैसे मोजून कोणी पस्तीस टक्के विकत घेतं का? वेड पांघरून पेडगावला जाताय होय?"

"मी लेखी देतो, साहेब."

"द्या. त्याची चौकशी कार्यालयप्रमुख करतो. तुमच्याकडे प्रमुख कोण?"

"मीच."

"मग करा चौकशी आणि पाठवा अहवाल."

काका अहवाल लिहायला बसले. समोर आपलं पिवळं पडलेलं प्रमाणपत्र ठेवलं. दोनदा नापास होऊन तिसऱ्या खेपेला मिळालेलं. त्या दिवशी वडील फाटकात उभे राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होते, 'आमचा सुटला हो, सुटला!' ते खोटं आहे असं लिहायला हात धजेना. 'प्रमाणपत्र अस्सल आहे,' असं लिहून काकांनी आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतला.

नात झाली ती त्यांना फोनवरच कळली. नवीन माणूस काही आला नाही. मग एका दुपारी केबिनचं दार ढकलून बायको आत आली, मागोमाग लेक, आणि लेकीच्या कुशीत दुपट्यात गुंडाळलेली नात.

"तुम्हाला रजा देणारा भेटेना," बायको म्हणाली, "म्हणून आम्हीच आलो."

काकांनी हात पुन्हा पुन्हा पुसले आणि नातीला घेतलं. कितीतरी वेळ ते नुसते बघत राहिले. पोर झोपलं तसं त्यांनी तिला साहेबांच्या मोठ्या खुर्चीत अलगद ठेवलं आणि आपण शेजारच्या स्टुलावर टेकले. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच त्यांना बरं वाटलं.

तेवढ्यात हातात अर्ज घेतलेला एक म्हातारा दारातून डोकावला. "साहेब आहेत का?"

"आहेत," काका दबक्या आवाजात म्हणाले. "बाईसाहेब आहेत. हळू बोला, आत्ताच डोळा लागलाय."

म्हाताऱ्यानं खुर्चीकडे नीट बघितलं. त्याला कसलंच आश्चर्य वाटलेलं दिसलं नाही. "शिक्षण किती झालंय?"

"काहीच नाही."

"बरं झालं," म्हातारा म्हणाला. "मागचे फार शिकलेले होते." आणि बाईसाहेब उठेपर्यंत थांबायला तो बाहेर बाकावर जाऊन बसला.