बांगडा नात्याने कोण लागतो?

"काकांना मी दोन मिनिटांत गप्प करतो!" सर्वेश छाती फुगवून म्हणाला. "विज्ञानापुढे काका म्हणजे काय!"

विज्ञानापुढे काका म्हणजे काय, हे मुलुंडच्या त्या वन बीएचकेने लगेचच पाहिलं.

त्याचं असं झालं. रविवारी सर्वेशचा निधीशी साखरपुडा होता आणि घरातले थोरले म्हणून गुणाजीकाका खास होकार द्यायला मालवणहून आले होते. आल्या आल्या त्यांनी नकार दिला. निधीचं मूळ गाव काकांच्या गावाला लागून. आडनाव वेगळं असलं तरी भावकी एकच असणार, आणि भावकीतली मुलगी म्हणजे बहीण, असा त्यांना संशय होता. काकांचा संशय म्हणजे वरच्या कोर्टाचा निकाल. अपील नाही!

सर्वेश आणि निधी अंधेरीच्या एका प्रयोगशाळेत कामाला. प्राण्यांचे डीएनए एकमेकांशी ताडून कोण कोणाच्या किती जवळचं, ते दाखवणारा वृक्ष काढायचा, हे त्यांचं काम. बाजारातले मासे, कोंबडी आणि मांजर यांचा वृक्ष काढताना दोघांनी हौसेने आपापली थुंकीही तपासायला घातली होती. प्रेमात पडलेले लोक झाडावर नावं कोरतात, यांनी हे केलं.

तोच कागद सर्वेशने काकांपुढे पसरला. "बघा काका, पक्का पुरावा! सगळ्यांची नाती यात आहेत."

काकांनी चष्मा लावला. "ही फांदी कोणाची?"

"माझी."

"आणि तिका चिकटान असा ती?"

"निधीची."

काकांनी चष्मा काढला. "दोगां एकाच फांदयेर! सख्खी भयण तुझी!"

"अहो, आम्ही दोघं माणसं म्हणून जवळजवळ! बाकी मासे आहेत ना सगळे!"

"मासे कित्याक आमच्या वंशावळीत?"

"तेही आपले नातेवाईकच, काका. लांबचे." सर्वेश बोलून गेला आणि तिथेच फसला.

"बांगडो आमचो भाऊबंद?"

"एका अर्थाने."

"मूळपुरुष एक?"

"एकच... पण तो चाळीस कोटी वर्षांपूर्वीचा!"

"जुना घराणा," काका मान डोलावत म्हणाले.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून चर्र असा आवाज आला.

"प्रेमा! गॅस बंद कर! घरात मयत असा!"

सर्वेशची आई उलथनं घेऊनच बाहेर धावली. "अगं बाई! कोण गेलं?"

"बांगडो."

"तो सकाळीच गेला होता, भावोजी. मी बाजारातून आणला तेव्हाच."

"म्हणजे सकाळधरना सुतक! दहा दिवस! रयवारचो साखरपुडो होवचो नाय!"

एक सोयरीक, आणि ती मोडायला दोन कारणं. मुलगी बहीण आणि बांगडा चुलता! आता सर्वेश स्वतःच कागदावर बोट फिरवून मांजर आपलं कोण लागतं ते शोधू लागला.

अशात साखरपुड्याची साडी दाखवायला निधी आली. "असे का बसलात सगळे? कोण गेलं?"

"बांगडा," आई डोळ्यांना पदर लावत म्हणाली. का लावला ते तिलाही कळलं नाही.

"आणि तू माझी बहीण आहेस," सर्वेश म्हणाला.

"कोण म्हणतं?"

"आपलंच झाड."

"वाट लागली! अरे यार, आपण फक्त आईकडून येणारा डीएनए वापरलाय, हे सांगितलंस का काकांना? बापाचं यात काही दिसतच नाही!"

काका ताठ झाले. "परत सांग."

"यात फक्त आई, मग तिची आई, मग तिची आई. असंच मागे मागे."

"बापाशीचो काय संबंध नाय?"

"अजिबात नाही, काका."

काका विचारात पडले. आईच्या हातातलं उलथनं कार्पेटवर तेल गाळत राहिलं. मग काकांनी मांडीवर अशी थाप मारली की शेजारच्यांनी दार उघडून पाहिलं.

"मगे भावकी खय? ही सगळी आवशीकडची! म्हणजे मामाकडची! गो बाय, तू ह्येका मामाची पोर लागतंस! मामाची पोर आमच्यात चालता. तिचो तर पयलो मान!"

"आणि बांगडा?" आईने भीत भीत विचारलं.

"तो पण मामाकडचो. तेचा दहा दिवस सुतक कसला? आंगोळ केली की झाला. गॅस लाव!"

हे साफ चुकीचं होतं. मामाच्या मुलीला तो डीएनए मामाकडून नाही, मामीकडून मिळतो! सर्वेशने खुलासा करायला तोंड उघडलं. निधीने टेबलाखालून त्याच्या पायावर पाय दिला. त्याने तोंड मिटलं. विज्ञानाला अजून पुष्कळ शतकं होती, त्याला एकच रविवार.

साखरपुडा झकास झाला. काका इतके खूश की लग्नाची पत्रिका छापून घ्यायचं काम त्यांनी स्वतःकडे घेतलं. आठवड्याने घाटकोपरहून छापखानेवाल्याचा फोन आला.

"साहेब, तुमच्या काकांनी मामाकडच्या मंडळींत बांगडा, बोंबील, कोंबडी आणि मांजर लिहून दिलंय. तसंच छापायचं ना?"

सर्वेशने 'नाही' म्हणायला श्वास घेतला. मग त्याला काका आठवले, भावकी आठवली, आणि लग्नाला अजून महिना आहे हेही आठवलं.

"छापा," तो म्हणाला.

"ठीक. कोंबडीला सौ. लावतो. बोंबलाला काय लावू? श्री. की सौ.?"

सर्वेशने तो कागद काढून बोंबलाची फांदी शोधली.

"निधीला विचारून सांगतो," तो शेवटी म्हणाला. "नमुना तिने आणला होता."